घरात तिघं आहोत, पण माझं काय चाललंय हे कुणालाच माहीत नाही

फाट्यावरची विचारते:

नमस्कार. जरा मोठं लिहिते आहे, वाचा.

मी ३९ वर्षांची. नाशिकला पाथर्डी फाट्याजवळ राहते. पुण्यातल्या एका कंपनीचं पेरोलचं काम घरून करते. २०२० च्या लॉकडाऊनमध्ये लॅपटॉप घरी आला, तो परत ऑफिसला गेलाच नाही. नवरा अंबड एमआयडीसीत, तिन्ही शिफ्टमध्ये. मुलगा दहावीला. घरात भांडणं नाहीत, पैशाची ओढाताण नाही, कुणाला व्यसन नाही. हे आधीच सांगून टाकते, कारण लोक पहिल्यांदा हेच विचारतात, आणि सगळ्याला नाही म्हटलं की म्हणतात, "मग तुला झालंय काय?"

गेल्या महिन्यात आंघोळ करताना छातीत उजवीकडे गाठ हाताला लागली. डॉक्टरांनी सोनोग्राफी सांगितली, नंतर सुईने नमुना घेऊन तपासायला पाठवला. रिपोर्ट येईपर्यंतचे दिवस मी कुणालाही काही बोलले नाही. नवऱ्याची थर्ड शिफ्ट चालू होती. सकाळी येऊन झोपलेल्या माणसाला उठवून हे सांगायचं? मुलाची सराव परीक्षा होती. आई येवल्याला, तिला बीपीच्या गोळ्या चालू. मी लपवलं असं नाही. सांगण्यासारखी वेळच कुठे सापडली नाही.

रिपोर्ट चांगला आला. गाठ साधी आहे, सहा महिन्यांनी परत दाखवा म्हणाले. मुंबई नाक्याला लॅबच्या बाहेर उभी राहिले, फोन काढला, म्हटलं आता कुणाला तरी सांगू. तेव्हा लक्षात आलं की ही बातमी फक्त त्यालाच सांगता येते ज्याला आधीची भीती माहीत आहे. "गाठ साधी निघाली" म्हटलं तर समोरचा विचारणार, "कसली गाठ?" तिथून सगळं सुरू करायचं त्राण माझ्यात नव्हतं. नावं वरखाली करत राहिले. गॅस एजन्सी, आरओवाला, क्लासचे सर, सोसायटीचा वॉचमन, इस्त्रीवाले काका. ज्यांना मी मैत्रिणी म्हणते त्यांच्याशी शेवटचं बोलणं वाढदिवसाचं, आणि तेही केकचं चित्र. रिक्षा केली, घरी आले. चारला मीटिंग होती, ती केली.

तेव्हापासून मी दिवसभर काय बोलते याकडे लक्ष जातं. "दूध वर ठेवलंय." "डबा घे." "लिफ्ट चालू झाली का?" कॉलवर "सर, तुमचा आवाज येत नाहीये." सोसायटीच्या ग्रुपवर टँकर कधी येणार. बोलणं भरपूर आहे. पण त्यातलं एकही वाक्य माझ्याऐवजी दुसरं कुणी बोललं असतं तरी काही अडलं नसतं.

नवरा फर्स्टला असला की रात्री नऊला त्याचे डोळे मिटायला लागतात. सेकंडला असला की मी झोपल्यावर येतो. थर्डला असला की दिवसा घरात आवाज करायचा नाही, मी कॉलसुद्धा ड्राय बाल्कनीत वॉशिंग मशीनशेजारी बसून घेते. आमचा निम्मा संसार फ्रिजवरच्या चिठ्ठ्यांवर चालतो. तो वाईट माणूस मुळीच नाही. माझ्या आईच्या ऑपरेशनला त्याने सलग रात्री जागून काढल्या आहेत. पण आता रिपोर्टबद्दल त्याला सांगायचं तर पहिला प्रश्न येणार, "तेव्हाच का नाही सांगितलंस?" आणि त्याचं उत्तर माझ्याकडे नाही.

घरात माणसं असताना ज्यांना असं झालं, त्यांनी काय केलं ते सांगा. छंद लावून घ्या, योगा करा, हे कृपया नको. योगा मी करते.

---

पंचवटीतली लेक:

ताई, छंद नको म्हणालात तरी एक सांगते, ते छंदाबद्दल नाही. माझी आई पंचवटीत भजनी मंडळात जाते. तिला गाता येत नाही, ती स्वतःच म्हणते. भजन तासभर, पण बायका त्याच्या अर्धा तास आधी येऊन बसतात आणि खरं मंडळ ते. कुणाच्या सुनेचं काय, कुणाची शुगर किती, सगळं तिथे. मागे आईला ताप होता, गेली नाही, तर संध्याकाळी दोघी पायऱ्या चढून घरी हजर. मला नोकरीच्या गडबडीत सकाळी तिच्याकडे बघून कळलं नव्हतं. आपण एखाद्या ठिकाणी आलो नाही हे कुणाच्या तरी लक्षात यायला हवं. तसं एक ठिकाण असावं, मग तिथे भजन असो नाहीतर भिशी.

---

सातपूर थर्ड शिफ्ट:

वहिनी, मी तुमच्या मिस्टरांच्या बाजूने लिहितो. त्यांना ओळखत नाही, पण एकोणीसाव्या वर्षापासून शिफ्ट करतोय, त्यामुळे ओळखतोही.

प्रेस शॉपमध्ये आठ तास कानात प्लग घालून उभं राहायचं. शेजारच्या माणसाशी हातवारे. कंपनीच्या बसमध्ये बसल्या बसल्या मान पडते. थर्ड करून घरी आलो की बाहेर दिवस चालू झालेला असतो आणि माझ्या खोलीचे पडदे लावलेले. झोप धड लागत नाही. पलीकडच्या खोलीत बायको-मुलं दबक्या आवाजात बोलतात, हसतात, ते ऐकू येतं. मी पडून विचार करायचो की माझ्याशिवाय यांचं छान चाललंय, आपण फक्त पगार आणायचा. बायकोला वाटायचं की याला आमच्यात रस नाही म्हणून हा दार लावून घेतो. दोघंही गप्प, आणि दोघंही दुसऱ्याची झोप मोडू नये म्हणून गप्प. ही काळजीच होती हो, पण बाहेरून ती परकेपणासारखी दिसते.

आमच्यात फरक पडला तो सेकंड शिफ्टच्या आठवड्यात. शिफ्टवाल्या घरात तो एकच आठवडा असा असतो की सकाळी नवरा झोप झालेला, अंघोळ झालेला आणि घरात असतो. मुलं शाळेत. आम्ही त्या आठवड्यातली सकाळची दहा ते अकरा राखून ठेवली. बँक, वाण्याची यादी, मोटरसायकलचं सर्व्हिसिंग त्या तासात काढायचं नाही. पहिले काही दिवस बोलायला काही सापडेना, मी पेपर वाचायचो आणि ती भाजी निवडायची. तरी बसलो. मग हळूहळू यायला लागलं.

तुमच्या रिपोर्टचं त्यांना थर्ड संपल्याच्या सकाळी सांगू नका, डोकं चालत नाही तेव्हा. सेकंडची वाट बघा. आणि सुरुवातीलाच सांगा की उपाय नकोय, आधी ऐकून घे. आम्हा लोकांना बिघाड कळला की पाना हातात घ्यायची सवय असते. गाठ म्हटल्याबरोबर ते मोठ्या डॉक्टरांचा नंबर शोधायला लागतील आणि तुमचं बोलणं तिथेच राहील.

---

निवृत्त, नाशिकरोड:

मी इथल्या सरकारी छापखान्यातून, प्रेसमधून, निवृत्त झालो. आमचा रोज सकाळी फिरायला जाणारा आणि नंतर चहा पिणारा ग्रुप आहे, जुना आहे. लोक म्हणतात काका तुम्ही नशीबवान. राजकारण, क्रिकेट, पेन्शन, सगळ्यावर आम्ही बोलतो. आमच्यातल्या एकाची बायको वर्षभर डायलिसिसवर होती हे आम्हाला ती गेल्यावर कळलं. रोज आमच्यासोबत चहा पीत होता तो माणूस. त्या दिवसापासून मला कुणी "पूर्वी असं नव्हतं, पूर्वी माणसं जोडलेली होती" म्हणालं की पटत नाही. आमच्या पिढीच्या पुरुषांनी मन कधी उघडलंच नाही, फक्त आजूबाजूला गर्दी होती म्हणून ते दिसलं नाही.

ताई, तुम्ही हे इथे लिहिलंत ते फार चांगलं केलंत. मी काल त्याच्या घरी एकटाच जाऊन आलो.

---

समुपदेशक, कॉलेज रोड:

मी समुपदेशनाचं काम करते, त्या अनुभवातून थोडं लिहिते.

रॉबर्ट वाइस नावाच्या अमेरिकन समाजशास्त्रज्ञांनी १९७३ मध्ये एकटेपणाचे दोन प्रकार मांडले. एक सामाजिक: आपलं वर्तुळच नाही, गल्ली नाही, मंडळ नाही. दुसरा भावनिक: वर्तुळ आहे, पण आतलं सांगावं असं जवळचं माणूस नाही. पहिल्यावरचं औषध दुसऱ्याला लागू पडत नाही, असं त्यांचं म्हणणं होतं. तुम्हाला लोक भजन, योगा, सहली सुचवतात आणि तुम्हाला चीड येते, त्याचं कारण बहुतेक हेच. वरच्या ताईंच्या आईला मात्र दोन्ही एकाच ठिकाणी मिळालं आहे, ते भाग्याचं.

शिकागोचे मानसशास्त्रज्ञ जॉन कॅसिओपो यांनी अनेक वर्षं यावर संशोधन केलं. ते म्हणत की एकटेपणा हा भुकेसारखा संकेत आहे, शरीर सांगतंय की माणूस हवंय. पण भूक लागलेला माणूस अन्नाकडे जातो, आणि एकटेपणा लांबला की मेंदू उलट माणसांपासून सावध होतो. समोरचा काय म्हणेल, नाकारेल का, दोष देईल का, याचाच अंदाज घेत बसतो. "पहिला प्रश्न येणार" हे तुमचं वाक्य वाचून मी थांबले. तो प्रश्न अजून कुणी विचारलेला नाही. तो तुमच्या मनात तयार झालाय आणि त्याने तुमचं तोंड बंद केलंय. कॅसिओपो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी एकटेपणा कमी करण्याच्या निरनिराळ्या उपायांचे अभ्यास २०११ मध्ये एकत्र करून तपासले, तेव्हा नुसत्या भेटीगाठी वाढवण्यापेक्षा असे अंदाज तपासून पाहायला शिकवणारे उपाय जास्त परिणामकारक दिसले. म्हणून मी माझ्याकडे येणाऱ्यांना सांगते, अंदाज कागदावर लिहा, मग प्रत्यक्ष बोला, आणि काय घडलं ते त्याच्या शेजारी लिहा.

हे एकट्या तुमच्याच बाबतीत घडतंय असं समजू नका. जागतिक आरोग्य संघटनेने २०२३ मध्ये यासाठी स्वतंत्र आयोग नेमला. त्याचा अहवाल जून २०२५ मध्ये आला, त्यात जगात साधारण सहापैकी एका माणसाला एकटेपणा जाणवतो असं म्हटलं आहे. आणि तुमच्या घरात दहावीतला मुलगा आहे म्हणून मुद्दाम सांगते, त्याच अहवालात हे प्रमाण किशोरवयात सगळ्यांत जास्त आढळलं आहे. मुलगा खोलीत मोबाइल घेऊन गप्प असेल तर तो अभ्यासाचा ताण आहे असं गृहीत धरू नका, अधूनमधून त्याच्याजवळ बसा.

आणखी एक. झोप उडाली असेल, जेवण जात नसेल, कशातच मन लागत नसेल आणि हे दोन आठवड्यांच्या वर चाललं असेल, तर ते एकटेपणाच्या पुढचं असू शकतं. टेलि-मानस या मानसिक आरोग्य सेवेचा १४४१६ हा सरकारी क्रमांक २४ तास चालू असतो, पैसे लागत नाहीत, मराठीत बोलता येतं.

---

निफाडचा मळेकरी:

शहरात फ्लॅटमुळे असं होतं असं कुणी लिहायच्या आत लिहितो. आम्ही मळ्यात राहतो. शेजारचं घर दोन शेतं सोडून. द्राक्षाच्या ऑक्टोबर छाटणीला पेठ-सुरगाण्याहून मजूर येतात तेव्हा मळा गजबजतो, ते गेले की आपण, बाग आणि फवारणीचा ट्रॅक्टर. २०१९ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात पाऊस लागून राहिला तेव्हा बाग गेली. फोन खूप यायचे. घड किती राहिले, कूज किती, पंचनामा झाला का. बागेची चौकशी सगळ्यांनी केली. रात्री मला झोप लागते का हे कुणी विचारलं नाही, आणि मीही बागेचंच उत्तर द्यायचो.

मी पहिल्यांदा बोललो ते मेव्हण्याजवळ, टोमॅटो घेऊन पिंपळगावला जाताना, टेम्पोत. अंधार होता, तो रस्त्याकडे बघत होता, मीही. समोरासमोर बसलो असतो तर एक शब्द फुटला नसता. तुम्हाला सांगायचं असेल तर टेबलाशी बसू नका. चालता चालता सांगा, गाडीवर सांगा. तोंडाकडे बघायची सक्ती नसली की माणूस बोलतो, आणि ऐकणाऱ्यालाही सोपं जातं.

---

फाट्यावरची:

उत्तर द्यायला उशीर झाला, सेकंड शिफ्टची वाट बघत होते.

सातपूरच्या दादांची वेळ आणि निफाडच्या दादांचा टेम्पो, दोन्ही घेतलं. मंगळवारी सकाळी मुलगा शाळेत गेल्यावर नवऱ्याला म्हटलं, चल, नेहरू वनोद्यानापर्यंत चालून येऊ. तो म्हणाला, आज काय विशेष? म्हटलं, चल तर. पांडवलेणीच्या खालच्या बाजूला सकाळी फिरायला येणारे दहापर्यंत परतलेले असतात, त्यामुळे रस्ता मोकळा होता. चालता चालता सांगितलं. सुरुवात शेवटापासून केली, की रिपोर्ट चांगला आहे, आता ऐक.

समुपदेशक ताई, मी खरंच कागदावर लिहून ठेवलं होतं, की तो विचारेल "तेव्हाच का नाही सांगितलंस?" त्याने ते विचारलं नाही. थांबला आणि विचारलं, "सुई टोचताना दुखलं का?" मला वाटतं इतक्या दिवसांत हा एकच प्रश्न मला कुणीतरी विचारायला हवा होता आणि तो काय आहे हे मलाच ठाऊक नव्हतं. मी रस्त्यात रडले.

मग परत येताना त्याने सांगितलं की त्यांची लाइन दुसऱ्या प्लांटला हलवायचं चाललंय, दिवाळीपासून. कोण जाणार, कोण राहणार माहीत नाही. दिवाळीपासून तो हे घेऊन फिरतोय. मी विचारलं, मला का नाही सांगितलंस. म्हणजे तो प्रश्न शेवटी मीच विचारला.

सगळं ठीक झालं असं लिहिता येणार नाही. त्या रात्री मला आधीपेक्षा जास्त एकटं वाटलं. एकाच घरात, एकाच फ्रिजवर चिठ्ठ्या लावत, दोघांनी एवढं मोठं काही आपापलं सांभाळलं होतं, आणि मला त्याच्या चेहऱ्यावरून कळलं नाही, त्याला माझ्या. हे पचायला वेळ लागेल. पण बुधवारी आणि गुरुवारी दहा वाजता आम्ही चहा घेऊन बसलो. गुरुवारी मुलाच्या अकरावीच्या प्रवेशावरून वादही झाला. तो मला आवडला, कारण कितीतरी दिवसांनी एका विषयावर दोघांची मतं समोर आली होती.

मुलाचं अजून राहिलंय. काल त्याच्या खोलीत मी उगाच कपड्यांच्या घड्या घालत बसले. बराच वेळ काही नाही. मग स्वतःहून म्हणाला की बाकावर शेजारी बसणारा मुलगा डिसेंबरात शाळा सोडून गेला, वडिलांची बदली झाली. मला ते नावसुद्धा माहीत नव्हतं. आज परत बसणार आहे.

नाशिकरोडच्या काकांना नमस्कार. तुम्ही त्यांच्याकडे जाऊन आलात हे वाचून फार बरं वाटलं. पुन्हाही जा.

---

राणेनगरची:

मी इथे वाचते फक्त, कधी लिहीत नाही. मीही घरून काम करते, इन्शुरन्सच्या क्लेमचं. तुमच्या घरापासून दहा मिनिटांवर असेन. तुमचा मुंबई नाक्याचा परिच्छेद वाचून मी लॅपटॉप बंद करून बसले होते. गाठ नाही, माझं दुसरं आहे, पण फोनमधली नावं तशीच. येत्या बुधवारी दुपारी जेवायच्या सुट्टीत भेटायचं का? मी डबा घेऊन येते, तुमच्याकडे किंवा माझ्याकडे.

---

फाट्यावरची:

बुधवारी नको, पगाराचा आठवडा आहे, मला जेवायलाही वेळ नसतो. त्याच्या पुढच्या मंगळवारी चालेल. माझ्याकडे या, नवरा फर्स्टला असेल, घरात मोठ्याने बोलता येईल. पत्ता मेसेज करते. तिखट चालतं ना?